आमचंही एक लालबाग आहे

मुंबईतल्या 'भाई' लोकांवर सिनेमे आणि मालिका काढणाऱ्या समस्त लेखक, दिग्दर्शक आणि निर्माते मंडळींस,



पत्र बुऱ्हाणपूरहून लिहितो आहे. मुंबईहून मध्य रेल्वेनं निघालात की भुसावळ, मग रावेर. रावेर सुटलं की थोड्या वेळात महाराष्ट्र संपतो आणि आम्ही लागतो. तुमच्यापैकी बऱ्याच जणांना हे गाव मुमताजमहलपुरतं ठाऊक असेल. 1631 साली ती इथे बाळंतपणात गेली, ताजमहाल मात्र आग्र्याला झाला. गावाची सवय बहुधा तिथूनच बिघडली. माल इथला, नाव दुसऱ्याचं.

आमचं रेल्वे स्टेशन ज्या भागात आहे त्याचं नाव लालबाग. हो, लालबागच. तिथे राजाच्या दर्शनाची रांग लागत नाही, पण गिरणी आहे. ताप्ती मिल, सरकारी वस्त्रोद्योग महामंडळाची. 2020 च्या टाळेबंदीत तिचा भोंगा थांबला, तो पुन्हा नीट वाजलेला नाही. तुमच्या लालबागेतल्या गिरण्या 1982 च्या संपात गेल्या, आमची अडतीस वर्षं मागून गेली. बाकी नशीब एकच.

मी इथे कापडाच्या एका पेढीवर मुनीम आहे. दिवसभर पॉवरलूमच्या ग्रे कापडाची बिलं, संध्याकाळी पुतण्याच्या मोबाईलवर तुमची करामत. म्हणजे मी तुमचं गिऱ्हाईक आहे, आणि जुनं गिऱ्हाईक आहे. 'दीवार' मी थिएटरात पाहिलाय. त्यामुळे तक्रार करण्याचा हक्क आहे असं समजून लिहितो.

तक्रार तुमच्या त्या गाडीबद्दल आहे. तुमच्या सिनेमात एक गाडी येते. बोरीबंदरला थांबते. गर्दीतून एक पोरगा उतरतो, हातात पत्र्याची पेटी नाहीतर कापडाचं बोचकं. मान वर करून इमारती बघतो. पाचव्या मिनिटाला कुणीतरी त्याला थोबाडीत मारतं, पंधराव्या मिनिटाला तो कुणाला तरी मारतो, आणि मध्यंतराच्या आत पांढऱ्या कपड्यांत गाडीतून उतरतो. ज्या गावाहून तो आला ते गाव दीड मिनिट दिसतं. तिथे एक भुकेली आई असते, एक मेलेला बाप असतो, एक सावकार किंवा फौजदार असतो. एवढं दाखवून झालं की गावाचं काम संपलं. पुढे अडीच तास तो जे काही करतो, त्याचा खुलासा म्हणून ते दीड मिनिट पुरतं.

'अग्निपथ'मधल्या पोराला त्याचं मांडवा गाव परत हवं असतं, म्हणून मुंबईत माणसं मारायची मुभा. 'नायकन'मधला पोरगा तुतिकोरिनहून पोलिसाला मारून पळालेला असतो, म्हणून धारावीत त्याला सगळं माफ. 'सत्या'त निदान एवढा प्रामाणिकपणा होता की तो कुठून आला हे शेवटपर्यंत सांगितलंच नाही. मला तो सिनेमा त्यासाठीच आवडतो.

माझं म्हणणं एवढंच आहे की आमच्या गावाला डॉनचं वकीलपत्र देऊ नका. गावानं ते कधी घेतलेलं नाही.

आता म्हणाल, बुऱ्हाणपूरचा आणि डॉनचा काय संबंध? आहे. अरुण गवळी, म्हणजे तुमचा 'डॅडी', ज्याच्यावर 2015 ला मराठीत 'दगडी चाळ' आला आणि 2017 ला हिंदीत 'डॅडी', त्याचे वडील गुलाबराव खंडव्याकडचे. 15 ऑगस्ट 2003 पर्यंत आमचा जिल्हा खंडवाच होता, जुना पूर्व निमाड. त्यामुळे 2004 साली गवळी चिंचपोकळीतून आमदार झाला तेव्हा इथल्या पानटपरीवर लोक छाती फुगवून सांगत होते, आपल्याकडचा आहे. त्यातले निम्मे लोक चिंचपोकळी कुठे आहे हे सांगू शकले नसते. पण गावाबाहेर कुणी मोठा झाला की नातं जोडायचं, ही आमच्याकडची जुनी खोड. काय करून मोठा झाला हे मागाहून विचारतात.

त्याचं कागदोपत्री आडनाव अहिर. आमच्याकडे या नावाला वजन आहे. खानदेशात बोलतात ती अहिराणी, ती या अहिरांच्याच नावानं. आणि बुऱ्हाणपूरपासून वीसेक किलोमीटरवर सातपुड्याच्या डोंगरावर जो अशीरगड आहे, तो आसा अहिर नावाच्या धनवान गवळ्यानं बांधला असं सांगतात. गायी-म्हशींचे हजारोंनी कळप, दुष्काळात लोकांना धान्य वाटणारा माणूस. फरिश्ता या इतिहासकारानं लिहून ठेवलंय की नसीरखान फारुकीनं त्याला निरोप पाठवला, माझ्यावर संकट आहे, माझ्या बायकामुलांना तुझ्या गडावर आसरा दे. आसानं दिला. डोल्या गडावर आल्या. पहिल्या दिवशीच्या डोल्यांत खरोखर बायका होत्या. दुसऱ्या दिवशीच्या डोल्यांतून शिपाई उतरले. आसा स्वागताला पुढे आला होता, मुलांना घेऊन. तिथेच सगळ्यांना कापलं. मग नसीरखानानं खाली तापीकाठी गाव वसवलं आणि एका संताच्या नावावरून त्याला बुऱ्हाणपूर नाव दिलं. तुमच्या भाषेत सांगायचं तर सहाशे वर्षांपूर्वी इथे एक मोठा गेम झाला, आणि ज्यानं केला त्याच्या घराण्यानं दोनशे वर्षं राज्य केलं. पुढे 1601 मध्ये अकबरानं तोच गड घेतला, तोफांपेक्षा सोन्याच्या चाव्यांनी उघडला असं म्हणतात. तेव्हा विश्वासघात, सुपारी, फितुरी यात मुंबईनं आम्हाला काही नवीन शिकवावं अशी परिस्थिती नाही. कथानक कमी पडलं तर या.

पण मी सांगत होतो गुलाबरावांची गोष्ट. छापून आलंय ते असं की हा माणूस मजुरी करत मुंबईत पोचला आणि सात रस्त्याच्या सिम्प्लेक्स मिलमध्ये कामाला लागला. बस. याच्यापुढे त्यांच्यावर कुणी चार ओळी लिहिल्याचं माझ्या तरी वाचनात नाही. मुलावर मात्र पुस्तकं, दोन भाषांत सिनेमे, आणि वर्तमानपत्रांचे किती रकाने त्याची गणती नाही. त्या रकान्यांचा कागदही बरेचदा आमच्याच जिल्ह्याचा असायचा, बरं का. नेपानगर आमच्याकडेच. देशातला पहिला न्यूजप्रिंटचा कारखाना, 1956 मध्ये नेहरूंच्या हस्ते उद्घाटन झालेला. म्हणजे भाईचा फोटो छापायला कागद आमचा, फोटोखालचं नाव मुंबईचं. मुमताजमहलचाच प्रकार.

माझा थोरला काका 1964 मध्ये याच रस्त्यानं मुंबईला गेला. गुलाबरावांना तो ओळखत नव्हता, उगाच नातं जोडत नाही. लोअर परळच्या एका गिरणीत साचेखात्यात बदली कामगार म्हणून लागला, पुढे कायम झाला. करी रोडला एका खोलीत अठरा जण राहायचे. सगळे एका वेळी झोपू शकतील एवढी जागा नव्हती, पण तशी गरजही नव्हती. पहिल्या पाळीचे उठले की तिसऱ्या पाळीचे त्याच वळकट्यांवर आडवे. जेवण खाणावळीत, महिन्याच्या बोलीवर. खाणावळवाली बाई साताऱ्याकडची होती. काकाला भाकरी तिच्या हातची, आणि शेवभाजीची आठवण खानदेशची.

साचेखात्यात आयुष्य काढलेल्या माणसाचं एक लक्षण असतं. त्याला नीट ऐकू येत नाही. शेकडो साचे एकदम चालू असताना, धोटा इकडून तिकडे आपटत असताना, शेजारी उभ्या माणसाचं बोलणं ऐकू येणं शक्यच नसतं. म्हणून ही माणसं ओठ वाचायला शिकतात. काकाही ओठ वाचायचा. निवृत्तीनंतर घरी टीव्ही बघताना तो आवाज बंद ठेवायचा, कारण त्याला फरक पडत नव्हता आणि विजेची बचत होते अशी त्याची समजूत होती. तुमचे सिनेमे मी त्याच्याबरोबर असे मुके पाहिलेत. आवाज नसला की एक गंमत होते. पार्श्वसंगीत जातं, गोळीचा दणका जातो, टाळ्यांची वाक्यं जातात, आणि पडद्यावर फक्त एक माणूस दुसऱ्याला मारताना दिसतो. दुसरा खाली पडतो. बाकी काही नाही. तुमच्या संकलकाला एकदा असं करून बघायला सांगा.

अशाच एका सिनेमात, नाव सांगत नाही, दगडी भिंती, चाळीचे जिने, दहीहंडी, सगळं होतं. काका शेवटपर्यंत बघत बसला. मग मला म्हणाला, "यात गिरणी कुठंय रे?"

गिरणी नव्हती. एका प्रसंगात पाठीमागे चिमणी होती, धूर नसलेली.

18 जानेवारी 1982 ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली अडीच लाख कामगार संपावर गेले. तो संप अधिकृतपणे मागे घेतला गेलाच नाही, त्यामुळे कायद्याच्या बारकाव्यात शिरलं तर माझा काका मरेपर्यंत संपावर होता. आठ-नऊ महिने तो मुंबईत थांबला. खोलीतले एकेक जण गावी गेले. जे राहिले त्यांनी भाजी विकली, हमाली केली, लग्नात वाढपी झाले. खाणावळवाल्या बाईनं चार महिने उधारीवर जेवू घातलं, मग तिनंही हात टेकले. त्या अठरांपैकी एक पोरगा, कोकणातला, काकापेक्षा बराच लहान, एके दिवशी नवा शर्ट घालून आला. कुणाच्या तरी मोटारसायकलवर मागे बसायचं काम लागलं होतं. कसलं काम, असं कुणी विचारलं नाही आणि त्यानंही सांगितलं नाही. जाताना त्यानं काकाच्या हातात शंभराची नोट ठेवली. काकानं ती खाणावळीच्या उधारीत भरली. पाच-सहा वर्षांनी तो पोरगा गोळी लागून मेल्याचं काकाला कुणाच्या तरी पत्रातून कळलं. कुणी मारलं, पोलिसांनी की दुसऱ्या टोळीनं, हे पत्रात नव्हतं.

मी हिशेबाचा माणूस आहे. अठरा गुणिले एक खोली. त्यातला एक त्या वाटेला गेला. सतरा गेले नाहीत. त्या सतरांनाही भूक तीच होती, गाव तसंच होतं, आई तशीच. मग भुकेनं डॉन घडतो हे तुमचं गणित या वहीत बसवून दाखवा. नाही बसत. कुठेतरी दुसरी नोंद राहिलीय.

ती नोंद मला वाटतं गावात नाही, मुंबईतच आहे. तुमच्या लाडक्या तिघांचंच बघा. तिघेही उपरे. करीम लाला अफगाणिस्तानातल्या कुनारहून आलेला पठाण. हाजी मस्तान रामनाथपुरम जिल्ह्यातल्या पनैकुळमचा, लहानपणी बापाबरोबर आला, क्रॉफर्ड मार्केटजवळ सायकली दुरुस्त केल्या, मग गोदीत हमाल झाला. वरदराजन मुदलियारही तमिळनाडूचा, बोरीबंदरला हमाली करायचा. पण हमाल तर हजारो होते. गोदीतल्या सगळ्याच हमालांच्या दारात मर्सिडीज उभी राहिली नाही.

वरदाला वरदा केलं ते 1949 च्या दारूबंदी कायद्यानं. मोरारजीभाई गृहमंत्री असलेल्या सरकारनं दारू बंद केली आणि शहर प्यायचं थांबलं नाही. मधली जी पोकळी राहिली तिच्यात धारावीच्या भट्ट्या पेटल्या. मस्तानला मस्तान केलं ते सोन्यावरच्या बंदीनं. लग्नात सोनं घालायचं हे या देशातल्या कुठल्या बापाला चुकलंय? आणि सोनं आणायला मनाई. मग ते धोतराच्या घडीत, जॅकेटच्या कप्प्यात किनाऱ्याला लागलं. 1990 मध्ये सुवर्ण नियंत्रण कायदा रद्द झाला तसा सोन्याच्या बिस्किटांतला नफा आटला, आणि तो धंदा करणारी माणसं खंडणीकडे वळली. मटक्याचं तर आणखी गमतीदार. न्यूयॉर्कच्या कापूस बाजाराचे उघडताना-बंद होतानाचे दर तारेनं मुंबईला यायचे, त्यावर आकडा लागायचा. म्हणजे ज्या कपाशीवर आमचा खानदेश-निमाड जगतो, तिच्या भावाचाही जुगार करून झाला. आमच्याकडच्या शेतकऱ्याला भाव मिळाला नाही, आकडा लावणाऱ्याला कधीमधी मिळाला.

तर माझ्या वहीप्रमाणे प्रत्येक डॉनची दोन जन्मगावं. एक तुम्ही दीड मिनिट दाखवता ते. दुसरं सरकारच्या राजपत्रात.

गवळीच्या बाबतीत दुसरं जन्मगाव गिरणीची जमीन. बाबू रेशीम, रमा नाईक आणि अरुण गवळी, तिघांच्या आद्याक्षरांनी बीआरए टोळी ओळखली जाऊ लागली तो काळ आणि गिरण्यांना टाळी लागण्याचा काळ एकच. 1987 मध्ये बाबू रेशीमला सात रस्त्याच्या कोठडीत घुसून मारलं, 1988 मध्ये रमा नाईक चेंबूरला पोलीस चकमकीत गेला, उरला गवळी. इकडे 1991 च्या विकास नियमावलीत 58 वा नियम आला आणि गिरणीच्या जमिनी विकण्याचा रस्ता उघडला. कापडापेक्षा जमीन महाग झाली की काय होतं, हे समजायला मुनीम असण्याचीही गरज नाही. युनियनमध्ये कोण, गेटवर कोण, सह्या कुणी गोळा करायच्या, याला भाव आला. 7 मे 1994 ला खटाव मिलचे सुनीत खटाव महालक्ष्मीजवळ भर रस्त्यात मारले गेले. 16 जानेवारी 1997 ला खुद्द दत्ता सामंत पवईत. ज्यांनी अडीच लाख माणसं रस्त्यावर आणली त्यांना संपवायला चार माणसं पुरली.

आणि गुलाबरावांची सिम्प्लेक्स मिल? तिच्या जागेवर आज प्लॅनेट गोदरेज नावाचा मनोरा उभा आहे. वरच्या मजल्यावरून गवळीची दगडी चाळ दिसत असेल. खंडव्याहून आलेला माणूस जिथे आठ तास उभा राहून राबत होता, तिथे आता पोहण्याचा तलाव आहे. माझ्या मते तुमचा सिनेमा इथे सुरू व्हायला हवा, बोरीबंदरला नाही. या जमिनीच्या मालकीचे कागद कुणाच्या हातातून कुणाच्या हातात गेले, प्रत्येक हातानं किती ठेवून घेतले, आणि त्यातल्या किती हातांवर कधीच खटला चालला नाही. पण त्यात गोळीबार कमी आणि सह्या जास्त, म्हणून निर्माता मिळत नसावा.

गवळीचं पुढचं तुम्हाला माहीत आहे. 2 मार्च 2007 ला शिवसेनेचे नगरसेवक कमलाकर जामसांडेकर यांचा त्यांच्या घरात खून झाला. त्या खटल्यात 2012 मध्ये जन्मठेप, 2019 मध्ये उच्च न्यायालयानं ती कायम केली. नागपूरच्या तुरुंगात असताना 2018 मध्ये गांधीविचारांच्या परीक्षेत तो पहिला आला. हे तुम्ही कथेत घातलं असतं तर लोक म्हणाले असते, लेखकानं ताणलं. सतराहून जास्त वर्षं तुरुंगात काढल्यावर 2025 च्या ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानं जामीन दिला. अपील शिल्लक आहे, म्हणून त्यावर मी काही बोलत नाही. एवढंच बोलतो की जामसांडेकरांच्या घरावरही सिनेमा होऊ शकतो. घरात टीव्ही चालू, दारात माणसं, मग तो आवाज. आवाज बंद करून बघण्यासारखा प्रसंग आहे.

इथे तुम्ही मला पकडाल हे माहीत आहे. म्हणाल, मुनीमजी, तुमच्या निमाडात टंट्या भिल्लाला लोक देव मानतात, तो काय होता? बरोबर आहे. आमचा टंट्यामामा खंडव्याकडचाच, 1889 साली जबलपूरला फासावर गेला. आम्हीही सावकार लुटणाऱ्याला मामा म्हटलंच की. मी या बाबतीत सोवळा नाही. फक्त एवढं बघा की टंट्या ज्या लोकांतला होता त्याच लोकांत, त्याच जंगलात राहिला आणि त्यांनी त्याला लपवलं. त्यांच्या झोपड्यांच्या जागेवर मनोरा बांधायला परवानगी मागणाऱ्यांकडून त्यानं टक्केवारी घेतली नाही. फरक एवढाच, पण माझ्या लेखी बराच आहे.

आता दुसरी तक्रार. ही जरा नाजूक आहे.

हल्ली तुमच्या मालिकांत पिस्तूल हातात घेतलं की एकजण दुसऱ्याला सांगतो, एमपीचा माल आहे. प्रेक्षकांना कळतं. आम्हाला तर लगेच कळतं, कारण तो माल बऱ्याचदा आमच्याच जिल्ह्यातला असतो. खकनार तालुक्यात सातपुड्याच्या पायथ्याशी पाचोरी नावाचं गाव आहे. तिथे सिकलीगर शीख राहतात. गुरूंच्या फौजेसाठी तलवारी, भाले घडवणारी ही जमात. गुरू गोविंदसिंगजी 1708 मध्ये नांदेडला जाताना बुऱ्हाणपूरला थांबले होते, इथल्या बडी संगत गुरुद्वारात आजही ती आठवण जपलेली आहे. फौजा गेल्या, तलवारी गेल्या. मग हे लोक कढया, बादल्या, विळे, कुलूप-किल्ल्या करत गावोगाव फिरू लागले. मग बाजारात कारखान्याची बादली आली, तीही प्लॅस्टिकची. हातातली कला काही विसरता येत नाही. उरला तो गावठी कट्टा.

दिल्ली, पंजाब, हरियाणा, महाराष्ट्र, सगळीकडचे पोलीस पाचोरीला येऊन जातात. बातमी तीच असते, आकडे बदलतात: इतकी पिस्तुलं, इतकी मॅगझिन, इतके आरोपी, पुढे टेबल मांडून मागे पोलीस उभे. पुनर्वसनाच्या घोषणा कित्येकदा झाल्या. मी एकदा वसुलीच्या कामानं त्या बाजूला गेलो होतो. चहाच्या टपरीवर एक म्हातारा सरदार बसला होता. माझ्या स्कूटरच्या डिकीचं कुलूप तीन महिन्यांपासून अडकत होतं. त्यानं न विचारता हात पुढे केला, किल्ली घेतली, खिशातून लहानशी कानस काढली, किल्लीच्या दातांवर चार वेळा फिरवली, फुंकर मारली आणि परत दिली. कुलूप उघडलं. पैसे विचारले तर म्हणाला, "चाय पिला दो." ते कुलूप आजतागायत अडकलेलं नाही. त्या हातांनी आयुष्यात आणखी काय काय घडवलं असेल, मला ठाऊक नाही, मी विचारलं नाही. कोकणातल्या पोराला त्याच्या खोलीतल्यांनी विचारलं नव्हतं, तसंच.

इथे जो माल हजारांत जातो, शहरात पोचेपर्यंत त्याची किंमत कितीतरी पट होते. मधला फरक कुणाच्या खिशात जातो? भट्टीवाल्याच्या नक्की नाही, त्याच्या घरावर अजून पत्रे आहेत. ऑर्डर शहरातून येते. पैसे शहरातून येतात. गोळी शहरात सुटते. आणि टेबल मात्र पाचोरीत मांडलं जातं. मी भट्टीवाल्याला निर्दोष म्हणत नाही. ज्याच्या घरातला माणूस त्या गोळीनं गेला त्याच्यापुढे असं म्हणायची माझी छाती नाही. पण वही तपासायची तर दोन्ही पानं उघडा. तुम्हाला डॉनचा खुलासा हवा असला की गाव गरीब बिचारं, आणि पिस्तुलाचा उगम हवा असला की तेच गाव गुन्हेगारांचा अड्डा. दोन्ही वेळा गाव दीड मिनिट.

काकाला जाऊन आता बरीच वर्षं झाली. दमा होता. गिरणीत कापसाचे तंतू श्वासातून आत जायचे, आणि इथे परत आल्यावरही तो पॉवरलूमवरच लागला, बारा-बारा तासांच्या पाळीला. दुसरं काय येत होतं? मुंबईत धोट्याच्या आवाजानं कान गेले, इथे उरलेलं गेलं. 2004 च्या निकालाच्या दिवशी टपरीवरचे लोक घरी पेढे घेऊन आले होते, "काका, तुम्ही मुंबईत होतात, तुमच्या ओळखीचा असेल." काकानं त्यांच्या ओठांकडे बघून सगळं नीट वाचलं. पेढा घेतला. मग विचारलं, "याचा बाप गिरणीत होता म्हणता ना? किती साचे चालवायचा?"

कुणालाच माहीत नव्हतं. तुम्हाला माहीत असेल तर कळवा.

आणि आमच्यावर कधी काही काढायचं मनात आलंच, तर आधी येऊन जा. पंजाब मेल इथे थांबते. उतरलात की लालबागच. ताप्ती मिलचं फाटक बाहेरून बघता येतं, आत कुणाला विचारावं लागेल ते मी बघतो. गावात कुंडी भंडारा बघा, मोगलांच्या काळातली पाण्याची सोय, जमिनीखालून पाणी अजून वाहतंय. रात्री मावा जिलेबी खा, पण एकच, ती जड असते. पॉवरलूमच्या गल्लीत मी स्वतः घेऊन जाईन, तिथे पाच मिनिटं उभे राहा आणि एकमेकांशी बोलून दाखवा.

काकाचा गिरणीचा पितळी बिल्ला माझ्याकडे आहे, सुपारीच्या डबीत ठेवलेला. नंबर झिजलाय, पण वाचता येतो. चित्रीकरणाला लागला तर देईन. पावती मात्र करून द्यावी लागेल.

कळावे, लोभ असावा.

आपला,
लालबागचा एक मुनीम
बुऱ्हाणपूर